मरळ, चन्ना आणि ओफिसेफॅलस : एका आक्षेपाला उत्तर

नमस्कार,

गोड्या पाण्यातल्या मरळ माशावरच्या माझ्या लेखाखालची तुमची प्रतिक्रिया वाचली. तुम्ही चिडून लिहिलं आहे, पण मुद्दे धरून लिहिलं आहे, म्हणून दोन ओळींत उत्तर देऊन मोकळं व्हावंसं वाटलं नाही.

तुमचे आक्षेप मला समजले ते असे. ‘ओफिओसेफॅलस’ हे या माशाचं प्राणिशास्त्रातलं रूढ नाव, जुन्या पाठ्यपुस्तकांत आणि कोशांत तेच छापलेलं. मी मात्र ते ‘चुकीचं’ म्हणून बाजूला सारलं आणि ‘चन्ना’ हे नवं, अर्थहीन नाव पुढे केलं. ओफिओसेफॅलस म्हणजे सापासारख्या डोक्याचा, म्हणजे नावातच माशाचं वर्णन आहे. मग मराठीत सरळ ‘सर्पशीर्ष’ म्हणायचं सोडून मी ‘मरळ’ हा बोलीतला शब्द का चालवला? आणि शेवटी, शास्त्रज्ञच पिढीगणिक नावं बदलणार असतील तर सामान्य वाचकानं विश्वास ठेवायचा कशावर?

आधी माझी चूक. मी ‘चुकीचं नाव’ असं लिहिलं, ते लिहायला नको होतं. ओफिसेफॅलस (मूळ लेखन असं, मधल्या ‘ओ’शिवाय, त्याबद्दल पुढे) हे चुकीचं नाव नाही, मागे पडलेलं नाव आहे, आणि या दोहोंत फार अंतर आहे. लेखातली ती ओळ मी बदलली आहे.

पण ‘चन्ना’ नवं आहे हे मात्र खरं नाही. ते दोहोंतलं जुनं नाव आहे. निसर्गअभ्यासक जोव्हान्नी अँतोनिओ स्कोपोली यांनी 1777 मध्ये ‘चन्ना’ हा वंश (म्हणजे जवळच्या जातींचा गट) प्रसिद्ध केला. बर्लिनचे डॉक्टर आणि मत्स्यशास्त्रज्ञ मार्कस एलिझर ब्लॉख यांनी ‘ओफिसेफॅलस’ प्रसिद्ध केलं ते 1793 मध्ये, म्हणजे सोळा वर्षांनी. प्राण्यांच्या नामकरणाची जी आंतरराष्ट्रीय संहिता आहे तिचा पायाच अग्रक्रमाचा आहे : एकाच वंशाला दोन नावं असतील तर आधी प्रसिद्ध झालेलं नाव ग्राह्य. कोणतं नाव जास्त अर्थपूर्ण, कोणतं कानाला गोड, हा प्रश्न तिथे येतच नाही.

अर्थहीनही ते नाही. ‘खान्ने’ हे प्राचीन ग्रीकांचं एका समुद्री माशाचं नाव, आणि त्याचा धागा तोंड वासण्याशी जुळतो. आपल्या मरळीचा मोठा जबडा ज्यानं पाहिला आहे त्याला ते फारसं परकं वाटू नये. मात्र ग्रीकांचा तो मासा हा नव्हे. त्यांच्या समुद्रातलं नाव आशियातल्या गोड्या पाण्याच्या माशाला चिकटलं, इतकंच.

आता ‘ओफिओसेफॅलस’मधल्या त्या जादा ‘ओ’बद्दल. ब्लॉखनं छापलं ते ‘ओफिसेफॅलस’. ग्रीकमध्ये ‘ओफिस’ म्हणजे साप आणि ‘केफाले’ म्हणजे डोकं. समास करताना मध्ये ‘ओ’ घालणं अनेकांना व्याकरणशुद्ध वाटलं, म्हणून फ्रान्सिस हॅमिल्टन यांनी 1822 च्या गंगेतल्या माशांवरच्या ग्रंथात ‘ओफिओसेफॅलस’ लिहिलं. पुढे लंडनच्या संग्रहालयाचे ग्युंथर आणि भारतातल्या माशांवर मोठा ग्रंथ लिहिणारे फ्रान्सिस डे यांनी तेच चालवलं. भारतात मत्स्यशास्त्र शिकवलं गेलं ते बव्हंशी डे यांच्या आधारानं, त्यामुळे तुमच्या पुस्तकात ‘ओ’ असणं स्वाभाविक आहे. पण संहितेच्या दृष्टीनं मूळ प्रसिद्धीतलं लेखन कायम राहतं. कुणी नंतर व्याकरण सुधारलं म्हणून ते बदलत नाही. तेव्हा जुनं नाव वापरायचंच झालं तर ते ‘ओफिसेफॅलस’ असं वापरावं.

दोन नावं होती तर इतकी वर्षं दोन्ही कशी चालली, हा प्रश्न तुम्ही विचारलेला नाही, पण सगळी गोष्ट तिथेच आहे. डे यांच्या काळातही हे दोन वेगळे वंश मानले जात. ज्या माशांना पोटाखालच्या परांची जोडी असते ते ओफिसेफॅलस, आणि ज्यांना ती नसते ते चन्ना. पर आहेत की नाहीत हे बोटानं दाखवता येण्याजोगं लक्षण, त्यामुळे विभागणी पक्की वाटे. लिनियसनं तर 1758 मध्ये चीनकडची, पोटाखाली पर नसलेली एक जाती पाहून तिला जिम्नोटस, म्हणजे सुरीसारख्या चपट्या माशांच्या वंशात टाकलं होतं. तीच आजची चन्ना आशियाटिका.

अडचण आली ती श्रीलंकेतल्या चन्ना ओरिएंटॅलिसमुळे. हिला पोटाखालचे पर नाहीत. पण बाकी सगळ्या बाबतीत ती चन्ना गाचुआ या छोट्या जातीची सख्खी बहीण शोभते, आणि गाचुआला मात्र ते पर आहेत. म्हणजे जुन्या विभागणीप्रमाणे दोन बहिणी दोन वेगळ्या वंशांत, आणि गाचुआ मात्र हातभराहून मोठ्या मरळीच्या वंशात! 1930 नंतर लगेचच मायर्स आणि शापोवालोव्ह या दोघा अभ्यासकांनी हे नीट मांडलं : पोटाखालचे पर नाहीसे होणं हे वंश वेगळा करण्याइतकं खोल लक्षण नाही, म्हणून हे दोन वंश एकच. एक ठरले की त्यांचं नाव आपोआप 1777 चं. कुणी बसून नाव बदललं नाही. माशांची नाती नव्यानं कळली आणि नावाला त्यांच्यामागून जावं लागलं.

म्हणूनच ओफिसेफॅलस मेलेलं नाही. ते ब्लॉखनं त्या नावाखाली वर्णन केलेल्या एका जातीवर बांधलेलं आहे. उद्या अभ्यासकांनी चन्ना वंशाचे तुकडे केले आणि ब्लॉखची ती जाती वेगळ्या तुकड्यात गेली, तर त्या तुकड्याला नवं नाव शोधावं लागणार नाही. ओफिसेफॅलस परत येईल. मला या शास्त्राचं हे फार आवडतं, की एकदा रीतसर दिलेलं नाव ते सहसा टाकून देत नाही.

तुम्ही असंही म्हटलं आहे की दीडशे वर्षं चाललेलं लोकप्रिय नाव नियमानं वाचवता आलं असतं. तशी तरतूद आहे, पण तिची पहिलीच अट अशी की जुनं नाव 1899 नंतर कुणी ग्राह्य म्हणून वापरलेलं नसावं. चन्ना तर पर नसलेल्या माशांसाठी सतत वापरात होतं. तेव्हा ती वाट बंद होती.

आता एका बारीक गोष्टीवर थोडं थांबतो, कारण तुमच्या प्रतिक्रियेतही ती आली आहे आणि कित्येक शोधनिबंधांतही येते. तुम्ही लिहिलंत, ‘मग चन्ना पंक्टॅटस म्हणा की.’ पण तसं म्हणता येत नाही. ब्लॉखनं ओफिसेफॅलस पंक्टॅटस म्हटलं तेव्हा वंशाचं नाव पुल्लिंगी होतं. चन्ना स्त्रीलिंगी आहे. जातीचं नाव विशेषण असेल तर ते वंशाच्या नावाच्या लिंगाप्रमाणे चालतं, आपल्याकडे काळा घोडा आणि काळी घोडी होते तसंच. म्हणून पंक्टॅटसचं पंक्टाटा झालं (अर्थ : ठिपके असलेली) आणि स्ट्रायॅटसचं स्ट्रायाटा (पट्टे असलेली). नुसतं वंशाचं नाव बदलून शेपूट तसंच ठेवलं, तर ते ‘काळा घोडी’ म्हटल्यासारखं होतं.

मग चन्ना मारुलियस या मोठ्या मरळीच्या नावातलं ‘मारुलियस’ का बदललं नाही? कारण ते विशेषण नाही, नाम आहे. ‘ती पोरगी वाघ आहे’ म्हणताना आपण वाघाची वाघीण करत नाही, तसं. आणि हे नाम कुठून आलं? हॅमिल्टन हे गंगेच्या मुलखात हिंडत होते आणि बहुतेक जातींना तिथल्या लोकांच्या तोंडची नावं लॅटिन शेपूट जोडून देत होते. गाचुआही तसंच. मारुलियस आणि आपली मरळ ही एकाच घरातली नावं आहेत. बोलीतला म्हणून तुम्ही ज्या शब्दावर नाक मुरडलंत, तो 1822 पासून शास्त्रीय नावाच्या आत बसला आहे.

कंसांचंही सांगून टाकतो, कारण लेखात ‘चन्ना स्ट्रायाटा (ब्लॉख, 1793)’ असं पाहून तुम्हाला वाटलं की ब्लॉखनंच चन्ना हे नाव दिलं आणि मी स्वतःच्याच म्हणण्याला छेद दिला. उलट आहे. नाव देणाऱ्याभोवती कंस असणं ही खूण आहे की जातीचं वर्णन त्यानं केलं, पण वेगळ्या वंशात. ब्लॉखनं ती ओफिसेफॅलसमध्ये ठेवली होती, हे तो कंसच सांगतो.

राहिला ‘सर्पशीर्ष’. डोकं सापासारखं दिसतं यात वाद नाही. ते वरून चपटं असतं, त्यावरचे खवले मोठे, सापाच्या डोक्यावरच्या ढालींसारखे मांडलेले. डोळे पुढच्या बाजूला, अंग दंडगोल. काचेच्या बरणीत ठेवलेला नमुना वरून पाहताना विद्यार्थी दचकून मागे सरलेले मी पाहिले आहेत. पण हे साम्य दिसण्यापुरतं आहे. हा कल्ल्यांचा, परांचा, खवल्यांचा पक्का हाडांचा मासा आहे. त्याचे जवळचे नातेवाईक खजुरी आणि गुरामी या माशांच्या गोतावळ्यात सापडतात, सापांत नाही. कल्ल्यांच्या वर असलेल्या कप्प्यातून तो हवेतला प्राणवायू घेतो आणि त्यासाठी पृष्ठभागावर येतो. तुमच्या प्रतिक्रियेत ‘नावावरूनच कळतं की हा सापाच्या जवळचा’ असं जे वाक्य आलं आहे, त्याचीच मला भीती वाटते. नाव वर्णनासारखं वाचलं की माणूस त्यातून नातं काढतो.

नाव वर्णन म्हणून विसंबण्याजोगं नसतं याचा दुसरा पुरावा भूमध्य समुद्रात आहे. तिथे झोस्टरिसेसर ओफिओसेफॅलस नावाचा मासा आहे. पल्लास यांनी 1814 मध्ये त्याला हे जातीचं नाव दिलं. तो गोबी गटातला, समुद्रगवतात राहणारा, मरळीशी काही संबंध नसलेला. अर्थ तोच, ‘सापाच्या डोक्याचा’. ‘सर्पशीर्ष’ हा शब्द नुसता अर्थावर चालवला तर हे दोन्ही मासे एका दावणीला बांधले जातील.

तुमच्या आक्षेपाचा एक भाग मात्र मला पटला. मी एका परिच्छेदात ‘मरळ’ हा शब्द फक्त मारुलियस या जातीसाठी वापरला आणि पुढच्याच परिच्छेदात सगळ्या कुलासाठी, म्हणजे जवळच्या वंशांच्या मोठ्या गटासाठी. मराठीत दोन्ही वापर चालतात, पण लिहिणाऱ्यानं सांगायला हवं. आता मी एका जातीसाठी ‘मरळ’ ठेवलं आहे, गटासाठी ‘मरळ कुल’ किंवा ‘चन्ना वंशातले मासे’. ‘सर्पशीर्ष’ही काढलेलं नाही, ओफिसेफॅलस या शब्दाचा अर्थ सांगताना ते एकदा येतं, आणि तिथेच त्याची जागा आहे.

आणि विश्वासाचं. नाव बदललं म्हणून मागचं ज्ञान खोटं ठरत नाही, पण ते शोधायला दोन्ही नावं माहीत असावी लागतात. साइक्स या लष्करी अधिकाऱ्यानं 1839 मध्ये दख्खनच्या नद्यांतल्या एका माशाला ओफिसेफॅलस ल्युकोपंक्टॅटस म्हटलं. त्या काळापासून विसाव्या शतकाच्या मोठ्या भागापर्यंत या माशांच्या श्वसनावर, परजीवींवर, प्रजननावर जे लिहिलं गेलं, त्यातलं पुष्कळ ओफिओसेफॅलस या शब्दाखाली पडून आहे. फक्त ‘चन्ना’ शोधणाऱ्याच्या ते हाती लागणार नाही. म्हणून तुमच्या पाठ्यपुस्तकाला मी जुनाट म्हणणार नाही. त्यातलं शरीररचनेचं वर्णन आजही तितकंच खरं आहे.

बदल अजूनही चालू आहेत. आफ्रिकेतल्या जाती 1984 मध्ये पॅराचन्ना या वेगळ्या वंशात गेल्या. 2019 मध्ये केरळातून एनिग्माचन्ना हा भूगर्भातल्या पाण्यात राहणारा मासा वर्णन केला गेला. अंगानं तो मरळीपेक्षाही सापासारखा लांबट, पण हवा घेण्याचा तो कप्पा त्याला नाही, आणि दुसऱ्याच वर्षी त्याला स्वतंत्र कुल मिळालं. मरळीच्या गोतातला सापासारखा म्हणावा असा मासा सापडला, आणि तोच मरळींच्या कुलाबाहेर बसला.

तुमच्याकडच्या कोशात ‘ओफिओसेफॅलस’ या नोंदीसमोर पेन्सिलीनं एवढं लिहून ठेवा : मूळ लेखन ओफिसेफॅलस, ब्लॉख, 1793, आता चन्ना, स्कोपोली, 1777. नोंद खोडू नका.