वडापाव वीस रुपयांचा, अपमान फुकट

"तुमचे डिव्हाइस सुरक्षित नसल्याने अ‍ॅप बंद करण्यात येत आहे." दादर स्टेशनबाहेर, ऐन गर्दीत, अर्धा वडापाव पोटात गेल्यावर माझ्या बँकेच्या अ‍ॅपला हा साक्षात्कार झाला. सकाळी लाइट बिल भरताना मी सुरक्षित होतो. पाकीट घरी, कारण हल्ली पाकीट घेऊन फिरतं कोण.

हो, फोन रूट केलाय, म्हणजे सिस्टमचा पूर्ण ताबा स्वतःकडे घेतलाय, आणि नीट केलाय. बूटलोडर, म्हणजे फोन चालू करताना सिस्टम उठवणारा प्रोग्रॅम, अनलॉक केला की फोन पूर्ण साफ होतो म्हणून आधी सगळा बॅकअप, मग फोनवर सिस्टमची जी आवृत्ती आहे नेमकी तिचीच बूट इमेज, म्हणजे फोन सुरू करणारी फाइल (अँड्रॉइड १३ सकट बाजारात आलेल्या फोनला बहुतेक वेळा तिच्याऐवजी इनिट बूट नावाची इमेज लागते, हे न बघता उड्या मारणारे मग रडत बसतात), मॅजिस्क या रूट करणाऱ्या अ‍ॅपने तिच्यात बदल, लॅपटॉपवरून फास्टबूटने ती फोनमध्ये चढवली, मूळ इमेज लॅपटॉपवर जपून ठेवलेली. बँकेचं अ‍ॅप मॅजिस्कच्या डिनायलिस्टमध्ये टाकलेलं, म्हणजे त्याला रूटचा वासही लागू नये. पण फोनमध्ये फेरफार केलाय का हे तपासायला गूगलवाले आधी सेफ्टीनेट, आता प्ले इंटिग्रिटी, असं कुलूप बदलत राहतात आणि आपण किल्ल्या घासत बसतो.

"काय झालं रे, नेट नाही का?" शेजारचे काका. बगलेत छत्री, हातात कटिंग.

"नेट आहे काका, अ‍ॅप उघडत नाहीये. फोन रूट केलेला आहे ना."

"म्हणजे हॅक झालाय?"

"नाही हो, मीच केलाय."

"स्वतःचाच फोन हॅक केलास?" हे एवढ्या मोठ्याने की भजी तळणाऱ्यानेही मान वर केली. मागची एक बाई पर्स घट्ट धरून बाजूला सरकली. "अरे बाळा, एअरप्लेन मोड करून बघ. कव्हर काढ, कव्हरने तापतो. माझा भाचा हिंजवडीला सॉफ्टवेअरमध्ये आहे, तो सांगतो असल्या भानगडीत पडू नये."

"बॉस, कॅश द्या ना," वडापाववाला. बरोबर आहे त्याचं.

"थांब, मी देतो," म्हणत काकांनी आपला फोन काढला. काच तडकलेली. कव्हर पारदर्शक, आत सिद्धिविनायकाचा फोटो आणि फोटोशेजारी एका चिठोऱ्यावर बॉलपेनने चार आकडे. काकांनी स्कॅन केलं, फोन उलटा केला, आकडे वाचले, फोन सुलटा केला, आणि एकेक आकडा तोंडाने म्हणत पिन टाकला. अर्ध्या दादरला पाठ झाला असेल. डबा ओरडला, "वीस रुपये प्राप्त झाले."

"बघ, कसा मख्खन चालतो," म्हणून काकांनी फोन माझ्या हातात दिला. मी सवयीने सेटिंगमध्ये गेलो. सिक्युरिटी पॅच २०२१ चा. हा फोन सुरक्षित, कारण बूटलोडर लॉक आहे आणि आतली सिस्टम कंपनीची आहे, तपासणी मुख्यतः तेवढंच बघते. माझ्या फोनवर ताजा पॅच असलेलं लिनिएजओएस, म्हणजे कंपनीबाहेरच्या लोकांनी बनवलेलं अँड्रॉइड, तर मी दरोडेखोर. पैसे मोजून घेतलेल्या फोनचा मालक नक्की कोण आहे हे बँकेने एकदा लेखी द्यावं. बरं, ग्राहक सेवेतल्या बाईला विचारलं तर उत्तर एकच, "सर, नवीन फोन घ्या." पैसे काय ती बाई देणार आहे?

"काका, नंबर द्या तुमचा, रात्री पाठवतो."

"कशाने पाठवणार? तुझं तर बंद पडलंय." वडापाववाला हसला. मला त्याचं हसणं जास्त लागलं.

तेवढ्यात काकांच्या स्क्रीनवर रमीची जाहिरात नाचायला लागली. "हे एवढं काढून दे रे. भाच्यालाही जमलं नाही."

"नाही निघत काका. कंपनीनेच घालून दिलंय ते."

काकांनी माझ्या फोनकडे पाहिलं. "मग तुझ्यात कसं नाही?"