अथेन्सच्या लोकशाहीला झुंडशाही म्हणण्याआधी

एक मजकूर सारखा पुढे ढकलला जातो: 'प्राचीन ग्रीसमध्ये खरी लोकशाही होती. सगळी जनता मैदानात जमायची आणि हात वर करून तिथल्या तिथे निर्णय घ्यायची. आवर घालणारं कोणी नव्हतं. अशाच जमावाने सॉक्रेटिसला मारलं आणि त्या झुंडशाहीतच अथेन्स बुडालं.' यातलं एकेक वाक्य तपासलं, तर हात वर करणं तेवढं खरं निघतं.

'ग्रीसमध्ये' म्हणजे कुठे? शेकडो नगरराज्यं होती आणि प्रत्येकाचा कारभार निराळा. स्पार्टात एकाच वेळी दोन राजे असत, ६० वर्षांपुढच्या २८ जणांचं ज्येष्ठमंडळ असे आणि दरवर्षी निवडलेले ५ एफोर (देखरेख करणारे अधिकारी) राजांवरही नजर ठेवत. मजकुरातलं वर्णन आहे ते इ.स.पू. ५०८-५०७ मध्ये क्लेइस्थेनिसने नव्याने बांधलेल्या अथेन्सचं.

'सगळी जनता' तर तिथेही नव्हती. स्त्रिया, गुलाम आणि बाहेरून येऊन स्थायिक झालेले मेटिक यांना मत नव्हतं. इ.स.पू. ४५१ पासून आई-वडील दोघंही अथेन्सचे असणाऱ्यालाच नागरिक मानलं जाई. हा दोष फार मोठा आहे, त्याची सफाई देता येत नाही. पण त्याला झुंडशाही म्हणत नाहीत.

'तिथल्या तिथे निर्णय' हे साफ चूक. प्नीक्स टेकडीवर भरणाऱ्या नागरिकांच्या सभेपुढे कोणताही विषय आधी ५०० जणांच्या मंडळातून गेल्याशिवाय येत नसे. या मंडळात नागरिकांच्या १० गणांतून (विभागांतून) प्रत्येकी ५० जण सोडतीने येत. वयाची अट ३०, आणि आयुष्यात जास्तीत जास्त दोनदा बसता येई. एकेका गणाचे ५० जण वर्षाचा दहावा भाग दैनंदिन कारभार पाहत. त्यांचा प्रमुख रोज सोडतीने बदले आणि एका माणसाला हा मान एकदाच मिळे. मंडळ ताब्यात घेऊन बसायला कोणाला सवडच ठेवलेली नव्हती.

'आवर घालणारं कोणी नव्हतं' असं म्हणणाऱ्याने न्यायालयं पाहावीत. दरवर्षी ६,००० न्यायपंचांची यादी सोडतीने निघे. इ.स.पू. चौथ्या शतकाच्या उत्तरार्धात रोजची निवड अशी होती: प्रत्येकाकडे स्वतःचं नाव, वडिलांचं नाव आणि गाव लिहिलेली पट्टी. पट्ट्या एका यंत्राच्या खाचांत आडव्या ओळींनी बसवायच्या. बाजूच्या नळीतून काळे-पांढरे फासे एकेक खाली येत. पांढरा आला की ती अख्खी ओळ कामावर, काळा आला की ती ओळ घरी. निवडलेल्याने मग अक्षर असलेलं एक ओकचं फळ उचलायचं. त्या अक्षरावरून कोणतं न्यायालय ते ठरे. आपला खटला कोणापुढे जाणार हे सकाळपर्यंत कोणालाच कळत नसल्यामुळे लाच द्यायची तरी कोणाला? भाषणांना जलघड्याळ लावत. अगोरात (अथेन्सच्या बाजारचौकात) सापडलेल्या अशा एका भांड्यात ६.४ लिटर पाणी मावतं आणि ते साधारण ६ मिनिटांत रिकामं होतं. मतासाठी कांस्याच्या दोन चकत्या मिळत, एकीचा आस पोकळ (फिर्यादीला), दुसरीचा भरीव (आरोपीला). आसाची टोकं चिमटीत धरली की मत शेजाऱ्यालाही दिसत नसे. मतं समसमान पडली तर आरोपी सुटे.

सॉक्रेटिसवर इ.स.पू. ३९९ मध्ये खटला चालला तो सभेत नव्हे, न्यायालयात, सुमारे ५०० पंचांपुढे. मेलेटसचा लेखी आरोप होता आणि बचावाचं भाषण स्वतः सॉक्रेटिसने केलं. प्लेटो सांगतो की ३० मतं इकडची तिकडे झाली असती तर तो सुटला असता. शिक्षा चुकीचीच होती, पण ती रीतसर प्रक्रियेतून आली. जमावाचा खरा अपराध दाखवायचा तर तो इ.स.पू. ४०६ चा. अर्गिनुसेच्या आरमारी लढाईनंतर, बुडत्या खलाशांना वाचवलं नाही म्हणून सभेने आठ सेनापतींना एकाच मतदानात दोषी ठरवलं आणि हाती असलेल्या सहांना मारलं. त्या दिवशी कारभारी गणात बसलेल्या सॉक्रेटिसने हे नियमबाह्य असल्याचं सांगून विरोध केला होता. टीका करणाऱ्यांनी हे उदाहरण घ्यावं, ते बिनतोड आहे.

लोकांना पुढे पश्चात्ताप झाला. इ.स.पू. ४०३ नंतर कायदे करण्याचं काम सभेकडून काढून वेगळ्या मंडळाकडे दिलं गेलं. बेकायदा ठराव मांडणाऱ्यावर खटला भरता येई, आणि तीनदा दोषी ठरलेल्याला पुढे ठराव मांडता येत नसे.

राहिलं 'झुंडशाहीत बुडालं'. लोकशाही दोनदा उलथली, इ.स.पू. ४११ आणि ४०४ मध्ये, आणि दोन्ही वेळा उलथवणारे मूठभर होते. स्पार्टाच्या पाठबळावर बसलेल्या तीस जणांनी सुमारे १,५०० माणसं मारली. वर्षभरात लोकशाही परतली आणि तिने सूड न घेता सर्वसाधारण माफी जाहीर केली. त्यानंतर ती ८० वर्षं टिकली. इ.स.पू. ३२२ मध्ये लामियन युद्धात हरवून मॅसिडोनियाच्या अँटिपेटरने ती मोडली: मुनिखिया टेकडीवर फौज बसवली आणि २,००० द्राख्मांपेक्षा (तिथल्या चांदीच्या नाण्यांपेक्षा) कमी मालमत्ता असलेल्यांचा मताधिकार काढून घेतला.