आलोचेश्वर संप्रदायात दीक्षा कशी घ्यावी

नोकरीला कंटाळलात, संसाराला विटलात, पण हिमालयातली थंडी सोसणार नाही? काळजी नको. संन्यास घ्यायला हल्ली पुणं सोडावं लागत नाही. आलोचेश्वर संप्रदायाचा मठ इथेच आहे, कोथरूडपासून हडपसरपर्यंत पसरलेला. आलोचेश्वर म्हणजे साक्षात काळदेव. 'आलोच' हा बीजमंत्र. मूर्तीला हात चार. एकात सायलेंटवर टाकलेला मोबाइल, दुसऱ्यात अवजारांची बॅग, तिसरा 'थांबा' म्हणतोय आणि चौथ्याच्या मनगटावर घड्याळ आहे, पण ते आतल्या बाजूला वळवलेलं, चुकून देवाला दिसायला नको. मला गेल्या मंगळवारी या देवाचा साक्षात्कार झाला. तेव्हा चार गोष्टी सांगायचा अधिकार आहे असं समजतो.

पहिलं व्रत परिव्राजकाचं. जुने संन्यासी एका गावात फार दिवस राहत नसत. आपला साधू तर कायम वाटेतच असतो. फोन आला की असाल तिथून, गादीतून, न्हाणीघरातून, मिसळीच्या टेबलावरून, 'नवले पुलाशी अडकलोय' एवढंच म्हणायचं. यावर पुण्यात कुणी शंका घेत नाही, कारण तिथे खरंच कुणीतरी अडकलेलं असतं.

पोचायला किती वेळ लागेल असं विचारलं तर पाच मिनिटं. सहा कधीही नाही.

शास्त्राधार मात्र पाठ असू द्या, वादात उपयोगी पडतो. 1906 पासून आपली प्रमाणवेळ साडेब्याऐंशी अंश पूर्व रेखांशावरून ठरते, म्हणजे मिर्झापूरच्या बाजूने. पुणं त्र्याहत्तर-चौऱ्याहत्तर अंशांच्या मध्ये. एका अंशाला 4 मिनिटं धरा, म्हणजे आपला सूर्य घड्याळाच्या जवळजवळ 35 मिनिटं मागे चालतो. तेव्हा अर्ध्या तासाच्या उशिराला उशीर म्हणायचंच नाही, तो स्थानिक सूर्याचा मान आहे. पुढच्या साडेपाच तासांचं काय, असं कुणी खवचटपणे विचारलं तर फोन कट करावा. रेंज गेली होती.

घटिकापात्राचा विषय मात्र मठात काढू नका. तळाला भोक असलेली तांब्याची वाटी पाण्यावर सोडायची, ती 24 मिनिटांत भरून बुडायची, की झाली एक घटका. अशा 60 घटकांचा दिवस. लग्नाचा मुहूर्त त्या वाटीवर धरत आणि भटजींना 'सिस्टिम स्लो आहे' म्हणायची सोय नव्हती. असल्या गोष्टींनी नवशिक्या साधूंचं मन चळतं.

आणि कृपा करून 1 ते 4 दुकान बंद ठेवणाऱ्यांना या पंथात ओढू नका. सगळ्या महाराष्ट्राने त्यांच्यावर विनोद केले, पण त्यांनी पाटीवर जे लिहिलं ते पाळलं. 1 म्हणजे 1. मठाच्या दृष्टीने ते नास्तिक.

वार्षिक उत्सव असा वेगळा नाही. विसर्जन मिरवणूकही दुसऱ्या दिवसापर्यंत चालते म्हणा, पण ती बिचारी लक्ष्मी रोडवर दिसते तरी.

आता मुख्य साधना, भक्ताकडून करून घ्यायची. भक्त म्हणजे ज्याचं काही बिघडलंय तो. माझा फ्रिज बिघडला होता. सोमवारी रात्री तक्रार नोंदवली, अकरा आकडी क्रमांक मिळाला, मंगळवारी '10 ते 2' या वेळात टेक्निशियन येईल असा मेसेज आला. रजा टाकली. पावणेदहाला आंघोळ उरकून दाराशी खुर्ची टाकून बसलो. बेल ऐकू यावी म्हणून मिक्सर लावू दिला नाही, पंखा बंद, संडासलाही आईला दाराशी बसवून गेलो. 2 वाजून गेले. फोन लावला, अकरा मिनिटं बासरी ऐकली, अधूनमधून एक बाई सांगत होती की माझा कॉल त्यांच्यासाठी महत्त्वाचा आहे. मग कळलं, 'टेक्निशियन निघालेत सर.' कुठून? 'निघालेत सर.' 4 वाजता निघालेत. साडेपाचला निघालेत. तोवर दूध नासलं, भिजवलेलं पीठ आंबलं आणि आईचं इन्सुलिन शेजारच्या काकूंच्या फ्रिजमध्ये, भोपळ्याच्या भाजीशेजारी. संध्याकाळच्या डोसाला आई त्यांच्याकडे गेली तर त्या नेमक्या बाहेर, दाराला कुलूप. ऐंशीच्या घरातली बाई जिन्यात उभी. आणि 6 वाजून 40 मिनिटांनी मेसेज: 'ग्राहक घरी उपलब्ध नसल्याने भेट रद्द करण्यात आली आहे.'

घरी उपलब्ध नसल्याने! अहो, मी दाराशी होतो. लाकडी दार सताड उघडं होतं, फक्त सेफ्टी डोअर लावलेलं. जिन्यातून मांजर गेलं तरी मला कळत होतं.

नाही, पुढच्या टिपा राहू द्या. जमत नाहीये.

त्या पोराला मी बोलणार नाही. दुसऱ्या दिवशी मीच त्याचा नंबर मिळवून फोन केला. मंगळवारी त्याच्या यादीत चौदा घरं होती, एक वाघोलीला, पुढचं बावधनला. चौदा घरं एका दुचाकीवर कशी होतात ते, '10 ते 2' लिहिणाऱ्या एसीतल्या माणसाला माहीत नसेल? नक्की माहीत आहे. तरी लिहिता. कारण माझी रजा तुमच्या हिशेबात फुकट आहे. येणं जमणार नसेल तर सकाळीच कळवा ना, मी कामावर गेलो असतो, इन्सुलिनची नीट सोय केली असती. वर 'ग्राहक घरी नव्हता'? खोटं बोलता, आणि तेही लेखी?

आणि वाचताना तुम्ही हसू नका. काल लेकीच्या क्लासबाहेर मी उभा होतो, तुमच्यातलंच कुणीतरी फोनवर 'गाडी काढतोच आहे' म्हणालं, आणि मागे टीव्हीवर कुकरची जाहिरात चालू होती, मला स्पष्ट ऐकू आली. तुमची पोरगी अर्धा तास फुटपाथवर बसली होती. मी थांबलो तिच्यासोबत. लाज वाटू द्या थोडी.

फ्रिज अजून बंद आहे. नवी वेळ '10 ते 6' मिळाली आहे. दरम्यान मंगळवारच्या न झालेल्या भेटीला पाचपैकी किती तारे, असं विचारणारा मेसेज आला. एकाच्या खाली जाता येत नाही. मी करून पाहिलं.