हेमाडपंत, लंका आणि ‘काळ थांबवणारी’ लिपी

गेले काही दिवस पुण्यातल्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपांवर एक मजकूर फिरतोय. म्हणे, देवगिरीच्या हेमाडपंतांनी लंकेत जाऊन बिभीषणाकडून मोडी ही मंत्रलिपी आणली. बोरूची लेखणी न उचलता ती लिहिली की लिहिणाऱ्यापुरता काळ थांबायचा. जुन्या कागदांत एकाच दिवसाची तीन-चार वेगळी सालं सापडतात, तो याचा पुरावा. आणि इंग्रजांना हे कळल्यावर त्यांनी लिपीच बंद पाडली. मी मोडी, म्हणजे जुन्या मराठी कागदपत्रांची ही लिपी, वाचतो, शिकवतो. मला हे सोडून देता येत नाही.

हेमाडपंत खरे. तेराव्या शतकात महादेव आणि रामचंद्र या यादव राजांच्या पदरी ते श्रीकरणाधिप होते, म्हणजे दफ्तराचे मुख्य. ‘चतुर्वर्गचिंतामणि’ हा व्रत-दान-तीर्थांवरचा अवाढव्य ग्रंथ त्यांचा. ‘अष्टांगहृदया’वर त्यांची टीकाही आहे. दफ्तर सांभाळणाऱ्याने कारकुनी लिखाणाला वळण लावलं असेल, हे मला पटतं. पण त्यांनी एका फेरीत अख्खी लिपी आणली, हे पटत नाही. जुनं काही दिसलं की हेमाडपंतांच्या नावावर घालायची आपली सवय आहे. अंबरनाथच्या शिवमंदिराला लोक सर्रास हेमाडपंती म्हणतात. तिथला शिलालेख शके ९८२ चा, म्हणजे इ.स. १०६० चा. हेमाडपंतांच्या दोनशे वर्षं आधीचा!

लंकेचा मुद्दा तर डोळ्यांनीच निकालात निघतो. सिंहली अक्षरांना शिरोरेघ नसते. मोडीत आधी कागदाच्या या कडेपासून त्या कडेपर्यंत रेघ ओढायची आणि मग अक्षरं तिला खाली लटकवायची. ही सगळी नागरीची भावकी आहे.

आता काळ थांबण्याचं. या कथेखाली एक खरी गोष्ट दडली आहे, ती म्हणजे वेग. रेघ आधीच ओढलेली, त्यामुळे अक्षरागणिक हात वर जात नाही. ऱ्हस्व-दीर्घाचा विचार नाही. इकार एकच, उकार एकच. एका अक्षराचं शेपूट पुढच्या अक्षराची सुरुवात होतं. शब्दांत मोकळी जागा नाही, विरामचिन्हं नाहीत. शाई घेण्यापुरता काय तो बोरू उचलायचा. तासाचं काम लवकर उरकायचं ते यामुळे. हे कौशल्य पिढ्यान् पिढ्या बोटं झिजवलेल्या कारकुनांचं आहे. मंत्र म्हटलं की त्यांची मेहनत पुसली जाते, आणि मला सगळ्यात जास्त लागतं ते हेच.

तीन-चार सालांचा मुद्दा मात्र नीट समजून घ्यावा, कारण मोडी शिकणारा प्रत्येक जण इथे अडखळतो. पानिपतचा दिवस घ्या, १४ जानेवारी १७६१. शालिवाहन शकाने तो पौष शुद्ध अष्टमी, शके १६८२. शिवाजी महाराजांच्या १६७४ च्या राज्याभिषेकापासून मोजलेल्या राजशकाने साल ८७. सुहूर सनाने, म्हणजे मराठी दफ्तरांत चालणाऱ्या अरबी नावाच्या सौर सनाने, ११६१, आणि तेही आकड्यांत नाही, अरबी शब्दांत: ‘इहिदे सितैन मया व अलफ’. एक, साठ, शंभर, हजार. एकं आधी, हजार शेवटी. सुहूर सनाचं वर्ष मृगाच्या सुमारास बदलतं, म्हणून पावसाळ्यापासून डिसेंबरअखेरपर्यंत इसवी सन काढायला त्यात ५९९ मिळवायचे आणि जानेवारीपासून पुढे ६००. मुसलमानी महिन्याच्या चांद्र तारखेआधी ‘छ’ दिसतो, तो चंद्राचा. दिवस एकच, मोजायच्या पट्ट्या वेगळ्या. गणित जमलं की काही गूढ उरत नाही.

इंग्रजांनी लिपी बंद पाडली म्हणणाऱ्यांनी आजोबांच्या खरेदीखतांकडे बघावं. आंग्लकालीन मोडी ही मोडीची एक स्वतंत्र शैलीच मानतात. पेशव्यांचे जुने कागद ठेवलेल्या पुण्यातल्या पेशवे दफ्तराची इमारत १८९१ ची, इंग्रजांच्याच काळातली. इतिहासकार गो. स. सरदेसायांनी त्या दफ्तरातून निवडलेले कागद १९३० पासून ४५ खंडांत छापले, तेही त्याच राज्यात. मोडी मागे पडली ती छपाईमुळे. छापखान्याचे खिळे जुळवायला बाळबोध, म्हणजे आजची देवनागरी, सोपी होती.

हे सगळं इतक्या कळकळीने लिहायला कारण आहे. एक कुटुंब माझ्याकडे देवघरातला कागद घेऊन आलं होतं. मंत्र समजून दर दसऱ्याला त्यावर हळदकुंकू वाहिलेलं. मी वाचला. साधं गहाणखत होतं: विहिरीसकट जमीन, सावकार, व्याज, दोन साक्षीदार. घरातल्या आजी ऐकता ऐकता पुढे सरकल्या. ती विहीर त्यांना माहीत होती. ‘कधीचं आहे हो हे?’ त्यांनी विचारलं. मी वरची ओळ उजेडात धरली. ‘शके १७’ एवढं दिसत होतं. पुढचे दोन आकडे कुंकवाखाली गेले होते.