कडू संत्र्याचा अर्क: ‘फळच तर आहे’ या युक्तिवादाचे उत्तर

वजन उतरवण्याच्या गोळ्यांची भलामण करणारा एक मजकूर समाजमाध्यमांवर हातोहात फिरत असतो. कडू संत्रे हे फळ असल्यामुळे त्याचा अर्क निरुपद्रवी आहे, तो ‘एफेड्रामुक्त’, म्हणजे एफेड्रा या उत्तेजक वनस्पतीविना, असल्यामुळे हृदयाला धोका नाही, त्याने चरबी हमखास झडते आणि चालू असलेल्या औषधांशी त्याचा काही संबंध येत नाही, असे चार दावे त्यात केलेले असतात. पहिल्या दाव्यात थोडे तथ्य आहे, आणि म्हणूनच त्याच्या आडोशाने उरलेले तीन सहज गळी उतरतात.

कडू संत्र्याचे उपयोग जुने आणि खरे आहेत. स्पेनमधल्या सेव्हिलच्या रस्त्यांवर या झाडांच्या रांगा आहेत. जाड, खरबरीत सालीचे, बियांनी भरलेले हे आंबट-कडू फळ सोलून खाण्याजोगे नसते, पण ब्रिटनमधला मार्मलेड नावाचा मुरंबा त्याच्याचपासून होतो. फुलांपासून नेरोलीचे तेल काढतात, इराणमध्ये हीच फुले ‘बहार नारंज’ म्हणून चहात घालतात, आणि चिनी वैद्यकात वाळवलेली कोवळी फळे अपचनावर व पोटफुगीवर देतात. निरोगी माणसांना या फळाचा रस पाजून केलेल्या एका लहान अभ्यासात रक्तदाब वाढलेला दिसला नाही, हेही मान्य केले पाहिजे.

परंतु गोळीत फळ नसते. या फळात सिनेफ्रिन नावाचे उत्तेजक द्रव्य अल्प प्रमाणात असते आणि अर्क करताना ते मुद्दाम एकवटलेले असते. ९०० मिलिग्रॅम अर्क आणि त्यात ६ टक्के सिनेफ्रिन, असे डबीवर लिहिलेले असेल, तर एका मात्रेत ५४ मिलिग्रॅम सिनेफ्रिन पोटात जाते. फ्रान्सच्या अन्नसुरक्षा संस्थेने २०१४ मध्ये पूरक पदार्थांतून मिळणारे सिनेफ्रिन दिवसाला २० मिलिग्रॅमच्या खाली ठेवावे आणि ते कॅफीनसोबत घेऊ नये, अशी शिफारस केली होती. आपल्या नागपुरी संत्र्यातही सिनेफ्रिन असतेच, असे प्रत्युत्तर विक्रेते देतात. ते खरे आहे; पण संत्र्याच्या चार फोडी खाणे आणि शुद्ध केलेला अर्क रोज उपाशीपोटी, कॉफीबरोबर घेणे या दोन गोष्टींना एकाच मापाने मोजता येत नाही.

‘एफेड्रामुक्त’ हा शब्द मला सर्वांत घातक वाटतो. एफेड्रा ही वनस्पती अमेरिकेत वजन उतरवण्यासाठी सर्रास विकली जात होती. फेब्रुवारी २००३ मध्ये बाल्टिमोर ओरिओल्स संघाचा २३ वर्षांचा बेसबॉल खेळाडू स्टीव्ह बेक्लर सरावादरम्यान उष्माघाताने कोसळून दगावला. तो एफेड्रायुक्त गोळ्या घेत होता. २००४ मध्ये तिथल्या अन्न व औषध प्रशासनाने पूरक पदार्थांतील एफेड्रावर बंदी घातली आणि उत्पादकांनी तिच्या जागी कडू संत्रे आणून बसवले. एफेड्रातले उत्तेजक द्रव्य एफेड्रिन आणि सिनेफ्रिन यांची रासायनिक रचना एकमेकींशी मिळतीजुळती आहे. सिनेफ्रिनचा परिणाम सौम्य असतो, हे खरे. तो नसतोच, हे मात्र खरे नाही. वर सांगितलेल्या ५४ मिलिग्रॅमच्या एकाच मात्रेने तरुण, निरोगी माणसांचा रक्तदाब आणि नाडीचा वेग काही तास वाढलेला राहिला, असे २००६ च्या एका चाचणीत आढळले. २००५ च्या दुसऱ्या चाचणीत केवळ सिनेफ्रिनने रक्तदाब वाढला नाही. पण कॅफीनसह इतर उत्तेजके असलेल्या मिश्रणाने, त्यात सिनेफ्रिन कितीतरी कमी असूनही, तो वाढला. बाजारातल्या बहुतेक गोळ्या अशाच मिश्रणाच्या असतात.

चरबीच्या दाव्याला फार जागा देण्याची गरज नाही. २०२२ मध्ये उपलब्ध चाचण्यांचा एकत्रित आढावा घेतला गेला. त्यात वजन घटल्याचा पुरावा मिळाला नाही, उलट दीर्घकाळ घेतल्यास वरचा रक्तदाब सरासरी ६ अंकांनी आणि खालचा ४ अंकांनी वाढल्याचे दिसले. ज्याला आधीच रक्तदाबाचा त्रास आहे, त्याने इतकी किंमत कशासाठी मोजायची?

औषधांविषयीचा दावा तर सरळ चुकीचा आहे, आणि इथे खुद्द फळही निर्दोष नाही. कडू संत्र्यात बर्गामोटिनसारखी फ्युरानोकुमरिन गटातील द्रव्ये असतात, जी ग्रेपफ्रूटमध्येही आढळतात. आतड्याच्या अस्तरात ‘सीवायपी३ए४’ नावाचे विकर (एन्झाइम) अनेक औषधांचा काही भाग रक्तात पोहोचण्यापूर्वीच मोडून टाकते, आणि गोळीची मात्रा हे गृहीत धरूनच ठरवलेली असते. ही द्रव्ये ते विकर निकामी करतात, त्यामुळे नेहमीचीच गोळी जास्त मात्रेसारखी लागू पडते. २००१ च्या एका अभ्यासात सेव्हिल संत्र्याच्या रसासोबत घेतलेल्या फेलोडिपिन या रक्तदाबावरील औषधाचे रक्तातील एकूण प्रमाण सरासरी ७६ टक्क्यांनी वाढले होते. नैराश्यासाठी एमएओ-रोधक औषधे घेणाऱ्यांना सिनेफ्रिनमुळे रक्तदाब एकाएकी चढण्याचा वेगळा धोका असतो.

औषधाची गोळी सकाळी आणि कडू संत्र्याचा रस संध्याकाळी घेतला की झाले, असा तोडगाही या मजकुरासोबत फिरतो. तो भरवशाचा नाही, कारण निकामी झालेले विकर परत कामाला लागत नाही. आतड्याच्या पेशींनी नवे विकर घडवेपर्यंत एखाददुसरा दिवस, कधी त्याहूनही अधिक काळ जातो.