मालपिघीचं अंडं: एका प्रतिक्रियेला उत्तर

'पुणेकर वाचक' या नावानं आलेली आपली प्रतिक्रिया काल रात्री वाचली. गर्भविज्ञानाच्या इतिहासावरच्या लेखात मी लिहिलं होतं की न उबवलेल्या अंड्यात मालपिघीला, म्हणजे सतराव्या शतकातल्या इटालियन शरीरशास्त्रज्ञाला, गर्भाची आकृती दिसली, ती ऑगस्टच्या उकाड्यामुळे. त्यावर आपण म्हणता, 'कोंबडी बसल्याशिवाय अंड्यात काही घडत नाही, हे शाळकरी पोरालाही कळतं. लेखकानं अंगणातली कोंबडी कधी पाहिलेली दिसत नाही.' शिवाय आणखी तीन तक्रारी आहेत: गर्भ टप्प्याटप्प्यानं घडतो असं मांडणाऱ्या जर्मन शास्त्रज्ञ वुल्फच्या ग्रंथाचं साल चुकलं, सुश्रुताला दोन ओळींत गुंडाळलं, आणि गर्भ आधीपासून घडलेलाच असतो असं मानणाऱ्यांना मी मूर्ख ठरवलं.

सालाचं आधी सांगतो. आपलं बरोबर आहे. 1759 हवं होतं, 1795 पडलं. दुरुस्त केलंय, आभार.

आता कोंबडी. मतभेद असायला काहीच हरकत नाही, पण 'शाळकरी पोर' कशासाठी? लेखातलं एक वाक्य पटलं नाही तर ते का पटलं नाही हे लिहावं. लिहिणाऱ्यानं कोंबडी पाहिली की नाही याची चौकशी कशाला? आणि ती करायचीच असेल, तर 22 वर्षं मी महाविद्यालयात कोंबडीच्या गर्भाची प्रात्यक्षिकं घेतोय. त्या जोरावर सांगतो, की या बाबतीत शाळकरी पोराला जे कळतं ते अर्धवट आहे, आणि आपण तेच प्रमाण मानलंत.

अंडं बाहेर पडतं तेव्हा आतली वाढ सुरू होऊन जवळपास दिवस झालेला असतो. फलन होतं अंडनलिकेच्या वरच्या, नरसाळ्यासारख्या तोंडाशी. तिथून खाली येताना भोवती पांढरं जमतं, मग पापुद्रा, मग कवच. त्याला साधारण 24 ते 25 तास लागतात आणि तेवढा वेळ अंडं कोंबडीच्या अंगातल्या 41 अंशांच्या उबेत असतं. बाहेर येईपर्यंत बलकावरच्या चकतीत, म्हणजे जिच्यातून गर्भ घडतो त्या पांढुरक्या ठिपक्यात, हजारो पेशी झालेल्या असतात. अंडं गार झालं की वाढ थांबते, पण चकती मरत नाही. साधारण 20-21 अंशांखाली ती निजलेली राहते. त्याच्या बरंच वर तापमान गेलं की वाढ पुन्हा हलू लागते, मग कोंबडी बसलेली असो वा नसो. तिला हवी असते ती ऊब. ती कुणाची, याच्याशी चकतीला कर्तव्य नाही.

म्हणूनच हॅचरीवाले अंडी 15 ते 18 अंशांच्या खोलीत ठेवतात आणि उन्हाळ्यात दिवसातून तीन-चार वेळा गोळा करतात. टोपलीत 30-32 अंशांना राहिलेल्या अंड्यांत वाढ सुरू होते, पण धड होत नाही. एक भाग पुढे जातो, दुसरा मागे राहतो. नंतर यंत्रात साडेसदतीस अंशांना लावली तरी त्यांतले बरेच गर्भ पहिल्या काही दिवसांतच मरतात, आणि कँडलिंगला दिव्यासमोर धरल्यावर नुसतं रक्ताचं कडं दिसतं.

आता मालपिघी. 1672 साली त्यानं बोलोन्याहून लंडनच्या रॉयल सोसायटीला निरीक्षणं पाठवली. अंडं आदल्या दिवशी घातलेलं, महिना ऑगस्टचा आणि उकाडा जबर, हे त्यानंच नोंदवलंय. चकती बलकावरून सोडवून काचेवर पसरायची त्याची पद्धत होती, म्हणून सूक्ष्मदर्शकाखाली त्याला इतरांपेक्षा पुष्कळ दिसलं. जे दिसलं ते खरं होतं. चुकला तो 'न उबवलेलं' हा शब्द. गर्भ आधीच घडलेला असतो की हळूहळू घडतो, यावर त्याच शब्दाच्या आधारावर पुढचं शतक भांडलं. 1674 साली फ्रेंच तत्त्वज्ञ मालब्रांशनं बीजात बीज, त्यात पुन्हा बीज अशी अनंत साखळी मांडली. वुल्फनं दाखवलं की जिथे रक्तवाहिन्या नव्हत्या तिथे त्या उमटतात, आणि आतडं आधी सपाट पापुद्रा असतं, मग दुमडून नळी होतं. त्यावर स्विस शरीरशास्त्रज्ञ हालरचं उत्तर: सगळं आधीच होतं, पारदर्शक होतं म्हणून दिसलं नाही. असं म्हणणारा माणूस मूर्ख नव्हता. 'मूर्ख' हा शब्द माझ्या लेखात कुठेही नाही, पुन्हा वाचून पाहा.

सुश्रुताबद्दल एवढंच, की त्याच्या संहितेतल्या शारीरस्थान या भागाच्या तिसऱ्या अध्यायात कोणतं अंग आधी होतं यावर पाच मतं दिली आहेत: डोकं, हृदय, नाभी, हातपाय, धड. धन्वंतरींचा निवाडा, सगळी एकदमच होतात, पण बांबूच्या कोंबासारखी सूक्ष्म असल्यानं दिसत नाहीत. त्यावर दोन ओळी पुरेशा होत्या असं मला आजही वाटतं.

तरीही शंका असेल, तर पडताळून बघा. एप्रिलमध्ये सहा फलित अंडी आणा. तीन थंड जागी ठेवा, तीन टेबलावर, जिथे दुपारी पारा 33-34 वर जातो. दुसऱ्या दिवशी प्रत्येक अंडं अर्धा तास आडवं ठेवा, म्हणजे चकती वर तरंगून येईल. कोमट सलाइनच्या (मिठाच्या सौम्य पाण्याच्या) वाडग्यात फोडा. बलकावरचं घट्ट पांढरं टिश्यूनं पुसून काढा, नाहीतर पुढे लावायचा कागद घसरतो. मध्ये भोक पाडलेला गाळणकागद चकतीभोवती टेकवा, चिकटला की बाहेरून कात्रीनं कापून उचला आणि उरलेला बलक सलाइननं धुऊन टाका. थंड जागेतल्या अंड्यांत साधारण चार मिलिमीटरची गोल चकती दिसेल. टेबलावरच्यांत ती पसरलेली असेल.

फक्त अंडी किराणा दुकानातली आणू नका. त्या कोंबड्यांजवळ कोंबडा नसतो, त्यामुळे त्यांत गर्भच नसतो, आणि मग आपण पुन्हा मलाच लिहाल की काहीच घडलं नाही.