स्पॅनिश बोलपट पाडण्याची खात्रीशीर कृती

१९३० च्या आसपासचा काळ. मूकपट चालेनासा झालाय आणि तुम्हाला स्पॅनिश बोलपट काढायचाय. मग माद्रिद, मेक्सिको, ब्युनोस आयर्स सगळं एकाच गाठोड्यात बांधा. भाषा एकच ना? 'कासा' म्हणजे घर आणि 'काथा' म्हणजे शिकार, हे माद्रिदवाल्यांचे चोचले. मेक्सिकोत दोन्ही 'कासा'च. नायिका घरी बोलावतेय की शिकारीला, हे प्रेक्षक घेतील समजून.

सेट बांधू नका. हॉलिवूडमध्ये इंग्रजीवाले दिवसा शूटिंग करतात, रात्री सगळं मोकळंच. युनिव्हर्सल स्टुडिओचा १९३१ चा स्पॅनिश 'ड्रॅक्युला' असाच, इंग्रजीवाल्यांच्याच सेटवर, रात्रपाळीत उरकला. काउंट ड्रॅक्युला झालेला नट स्पेनमधल्या कोर्दोबाचा, नायिका मेक्सिकोची, नायक अर्जेंटिनाचा, आणि दिग्दर्शक जॉर्ज मेलफर्ड यांना स्पॅनिशच येत नव्हतं. दुभाषी होता की! (कॅमेरा इंग्रजी आवृत्तीपेक्षा जास्त हलतो, लांबीही जवळपास अर्धा तास जास्त. जाणकार याच आवृत्तीला झुकतं माप देतात, पण तुम्ही तिकडे लक्ष देऊ नका.)

नट महाग पडतायत? लॉरेल-हार्डी ही विनोदी जोडी, ते कॅमेऱ्याबाहेरच्या फळ्यावर लिहिलेले उच्चार वाचून स्पॅनिश बोलायचे. मोडक्या उच्चारांना लोक हसले. तुम्ही हेच शोकांतिकेत करा.

आवाज फिल्मवर नको, फिल्मसोबत वाजणाऱ्या वेगळ्या तबकडीवरच घ्या. १६ इंची, मिनिटाला ३३⅓ फेरे, आतून बाहेर वाजणारी. रिळाला एक, सुमारे ११ मिनिटांची. फिल्म तुटली की ऑपरेटर फाटक्या फ्रेम कापून जोड मारणार, हातवळणच ते. तबकडीला काय कळतंय? कापल्या तेवढ्याच काळ्या फ्रेम मध्ये घालायच्या असतात, पण मोजत कोण बसतंय! सेकंदाला २४ फ्रेम. १२ गेल्या की ओठ अर्धा सेकंद पुढे, शब्द मागे, तेही रीळ संपेपर्यंत. नायिका 'नाही' म्हणून तोंड मिटते आणि मग 'नाही' ऐकू येतं, तेही खलनायक बोलायला लागल्यावर. तबकडी वीसेक वेळा वाजली की बदलायची असते. तुम्ही पन्नास वेळा वाजवा. खरखर झाली तर पाऊस समजतील.

एक पथ्य मात्र पाळा: मेक्सिकोच्या रोद्रिगेस बंधूंच्या वाटेला जाऊ नका. त्यांनी आवाज फिल्मवरच उमटवणारं हलकं यंत्र घरचंच बनवलं आणि १९३२ मध्ये 'सांता' हा चित्रपट मेक्सिकोतच बोलता झाला. नायिका कोण म्हणाल, तर तुमच्या रात्रपाळीतलीच, लुपिता तोवार.